रोमची उघडी बस : वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

युरोपच्या सहलींबद्दल आलेल्या पत्रांमध्ये रोममधल्या उघड्या छताच्या बसचा विषय इतक्या वेळा आला, की या वेळचं सदर तिलाच दिलं आहे. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत. दर आणि वेळा हंगामानुसार बदलतात, म्हणून निघण्यापूर्वी त्या एकदा कंपनीच्या संकेतस्थळावर पाहून घ्याव्यात.

प्रश्न : रोममध्ये आमचे दोनच दिवस आहेत. उघड्या बसचं एक दिवसाचं तिकीट काढलं तर मुख्य ठिकाणं सगळी होतील का? (एक वाचक, नाशिक)

होणार नाहीत, आणि ही गोष्ट तिकीट काढण्याआधी कळलेली बरी. रोमचा जुना गाभा 'झेडटीएल' म्हणजे मर्यादित वाहतुकीच्या क्षेत्रात येतो. गल्ल्या अरुंद आहेत आणि मोठ्या पर्यटक-बसना आत मज्जाव आहे. त्यामुळे ही बस गाभ्याला बाहेरून वळसा घालते. देवळाला प्रदक्षिणा घातली, पण गाभाऱ्यात पाऊलच टाकलं नाही, असा तो प्रकार आहे.

बहुतेक कंपन्यांचा मार्ग थोड्याफार फरकाने असा असतो : तेर्मिनी रेल्वे स्टेशन, सांता मारिया माज्जोरे, कोलोसियम, सर्कस मॅक्सिमस (रथशर्यतींचं प्राचीन मैदान), पियात्सा वेनेझिया (पियात्सा म्हणजे चौक), व्हॅटिकनच्या जवळ, पियात्सा बार्बेरिनी आणि पुन्हा तेर्मिनी. कुठेही न उतरता पूर्ण फेरीला दीड ते दोन तास लागतात. या फेरीत त्रेवी कारंजं दिसत नाही. पँथिऑन, पियात्सा नावोना, स्पॅनिश पायऱ्या, कांपो दे फियोरी, त्रास्तेवेरे यांपैकीही काही दिसत नाही. रोमन फोरमचे, म्हणजे प्राचीन शहराच्या मध्यवर्ती चौकाचे, अवशेषही बसमधून नीट दिसत नाहीत. ते पाहायचे तर पियात्सा वेनेझियाला उतरून कॅपिटोलिन टेकडीवर चढायचं आणि नगरपालिकेच्या इमारतीच्या मागच्या कठड्याशी जायचं. अख्खा फोरम पायांखाली पसरलेला दिसतो, आणि तोही फुकट.

मग बस कशासाठी घ्यायची? शहराचा नकाशा डोक्यात बसवण्यासाठी. कोणती टेकडी कुठे आहे, नदी कशी वळते, व्हॅटिकन कोलोसियमपासून किती लांब आहे, हे दोन तासांत बसल्या जागी कळतं. पहिल्या दिवशी दुपारनंतर कुठेही न उतरता एक पूर्ण फेरी मारा. दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच २४ तासांच्या तिकिटावर बार्बेरिनीला उतरा आणि बस जिथे जात नाही तो भाग पायी करा. बार्बेरिनीहून त्रेवी सहा-सात मिनिटं, तिथून पँथिऑन दहा मिनिटं, पँथिऑनहून नावोना पाच मिनिटं, नावोनाहून सांतांजेलो पूल दहा-बारा मिनिटं आणि पूल ओलांडून सेंट पीटर्स बॅसिलिका या मोठ्या चर्चच्या चौकापर्यंत आणखी दहा. सगळं मिळून साधारण ३ किलोमीटर होतात. बघत, थांबत, कॉफी घेत साडेतीन तास धरा. पँथिऑनला जुलै २०२३पासून ५ युरोचं तिकीट आहे. स्पॅनिश पायऱ्या या वाटेवर नाहीत. त्रेवीहून दहा मिनिटं उत्तरेला जावं लागतं. तिथे गेलात तर पायऱ्यांवर बसू नका. २०१९पासून त्याला बंदी आहे आणि दंड शेकडो युरोंच्या घरात जातो.

मुंबईत ऑक्टोबर २०२३पर्यंत धावलेल्या नीलांबरी या उघड्या बसमध्ये बसलेल्यांचा इथे एक गोंधळ होतो. तिथे एकदा चढलं की फेरी संपेपर्यंत बसून राहायचं होतं. रोमच्या बसचं मुख्य तिकीट 'उतरा-चढा' पद्धतीचं असतं. मात्र फक्त एका फेरीचं, मधे न उतरण्याचं स्वस्त तिकीटही मिळतं आणि घाईत तेच हातात पडतं. खिडकीवर काय मागता आहात ते नीट सांगा.

प्रश्न : २४, ४८ की ७२ तासांचं तिकीट? स्टेशनबाहेर जाकीट घातलेले विक्रेते स्वस्तात देतो म्हणतात, त्यांच्याकडून घ्यावं का? (डोंबिवली, सांगली)

२४ तासांचं पुरतं. ४८ आणि ७२ तासांची तिकिटं फरकाच्या रकमेत स्वस्त वाटतात, पण तिसऱ्या दिवशी तीच फेरी मारायला कोणी जात नाही.

२४ तास कुठून मोजतात, हे मात्र विचारून घ्या. तिकीट पहिल्यांदा स्कॅन झाल्यापासून २४ तास असतील, तर दुपारी दोनला सुरू केलेलं तिकीट दुसऱ्या दिवशी दोनपर्यंत चालतं, म्हणजे एका पैशात दोन अर्धे दिवस मिळतात. 'एक दिवसाचं' असं लिहिलेलं तिकीट त्याच दिवशी शेवटच्या बसबरोबर संपतं. दुपारी तीनला उतरलेल्या प्रवाशाने ते काढलं तर अर्धे पैसे पाण्यात.

दर कंपनी आणि हंगामानुसार प्रौढांना साधारण २५ ते ३५ युरो पडतो. संकेतस्थळावरचा आगाऊ दर सहसा कमी असतो. विक्रेत्यांपैकी बरेच जण कंपनीचेच अधिकृत दलाल असतात, तेव्हा सगळेच फसवे म्हणता येणार नाहीत. अडचण वेगळी आहे. रोममध्ये अशा बस चालवणाऱ्या अनेक कंपन्या आहेत, प्रत्येकीचा रंग वेगळा आणि एकीचं तिकीट दुसरीला चालत नाही. घाईत घेतलेलं तिकीट कोणत्या रंगाच्या बसचं आहे हेच लोकांना ठाऊक नसतं, मग पुढच्या थांब्यावर चुकीच्या बसच्या दारात हुज्जत होते. तिकिटावरचं कंपनीचं नाव आणि थांब्याच्या खांबावरचं नाव जुळवा. थांबे शेजारी-शेजारी असले तरी सगळ्यांचे एक नसतात. आणि विक्रेता 'कोलोसियमला रांग नाही' असं काही जोडून विकायला लागला, तर त्या वाक्यापाशी थांबा. त्याचं उत्तर पुढे दिलं आहे.

प्रश्न : बस दर १५-२० मिनिटांनी येते असं लिहिलेलं असतं, पण गेलेल्या नातेवाइकांनी पाऊण तास वाट पाहिली आणि मग दोन एकदम आल्या. असं का होतं? (एक वाचक, पुणे)

बेस्ट किंवा पीएमपीची वाट पाहिलेल्या माणसाला हे नवीन नाही. एक बस वाहतुकीत पाच मिनिटं अडकली की पुढच्या थांब्यावर तेवढ्या वेळात जास्त माणसं जमतात. त्यांना चढवायला, तिकिटं स्कॅन करायला, इअरफोन वाटायला जास्त वेळ लागतो. ती आणखी मागे पडते. तिच्या मागच्या बसला थांब्यावर माणसंच नसतात, म्हणून ती भरभर पुढे येते आणि शेवटी पहिलीला चिकटते. उघड्या बसमध्ये हे जास्त होतं, कारण सगळे वरच्या मजल्यावर जागा शोधत जिन्यात अडकतात.

म्हणून दोन बस लागोपाठ दिसल्या तर पहिली सोडून द्या. दुसरी अर्धी रिकामी असते आणि वर पुढची जागा मिळते.

सर्वांत मोठी रांग कोलोसियम आणि व्हॅटिकनच्या थांब्यांवर सकाळी अकरा ते दुपारी चार या वेळात लागते. तेर्मिनीला चढलात तर वर जागा जवळजवळ नक्की, कारण तिथे फेरी संपते आणि बस रिकामी होते. याच कारणाने एक धक्काही बसतो. बार्बेरिनीला चढून कोलोसियमला जायला निघालेल्यांना तेर्मिनीला उतरवून दुसऱ्या बसमध्ये बसायला सांगू शकतात. शेवटच्या बसच्या बाबतीत तर तेर्मिनीच्या पुढे जाताच येत नाही. पत्रकावर छापलेली शेवटची वेळ तेर्मिनीहून सुटण्याची असते. उन्हाळ्यात ती संध्याकाळी सातच्या आसपास, हिवाळ्यात बरीच आधी. परतीसाठी तिच्यावर विसंबू नका.

प्रश्न : कोलोसियम आणि व्हॅटिकन म्युझियमच्या प्रवेशासह बसचं एकत्र तिकीट मिळतं. घ्यावं का? (एक वाचक, छत्रपती संभाजीनगर)

आमचं मत : घेऊ नये.

कोलोसियमचं तिकीट ठरावीक वेळेचं आणि नावावरचं असतं, दारात पासपोर्ट मागतात. व्हॅटिकन म्युझियमचंही वेळेला बांधलेलं असतं. उघडी बस कोणत्याच वेळेला बांधलेली नाही. बांधलेली आणि न बांधलेली अशी दोन तिकिटं एका गाठीत मारली की बसच्या उशिरापायी महागडी वेळ हुकते, आणि पैसे परत मिळत नाहीत. वेळ घेतलेल्या ठिकाणी मेट्रोनेच जा. कोलोसियमसाठी बी मार्गावरचं कोलोसेओ स्टेशन अगदी दारात आहे. व्हॅटिकन म्युझियमसाठी ए मार्गावरचं ओत्ताव्यानो, तिथून सात-आठ मिनिटं चालणं. बस उरलेल्या मोकळ्या वेळासाठी ठेवा.

कोलोसियमची अधिकृत तिकिटं साधारण ३० दिवस आधी खुली होतात आणि हंगामात भराभर संपतात. साध्या तिकिटात रोमन फोरम आणि पॅलाटाइन टेकडीही येतात. 'रांग नाही' या आश्वासनाचा अर्थ तिकिटाची रांग नाही एवढाच. सुरक्षा तपासणीची रांग कोणालाच चुकत नाही.

आणखी एक चूक वारंवार होते. बस 'व्हॅटिकन'ला सोडते म्हणजे म्युझियमला सोडते असं लोक धरून चालतात. थांबा कास्तेल सांतांजेलो हा किल्ला आणि सेंट पीटर्सच्या बाजूला असतो. त्या भागातली पियात्सा पिया २०२४च्या डिसेंबरपासून फक्त पादचाऱ्यांची झाली आहे, गाड्या खालच्या भुयारातून जातात. बॅसिलिकाच्या चौकात पोचायला व्हिया देल्ला कोन्चिलियात्सिओने या रुंद रस्त्याने सुमारे अर्धा किलोमीटर चालावं लागतं, आणि म्युझियमचं दार तर तटबंदीला वळसा घालून आणखी पंधरा-वीस मिनिटं पुढे आहे.

प्रश्न : कोणत्या बाजूला बसावं? फोटो चालत्या बसमधून नीट येतात का? (ठाणे, मडगाव)

इटलीत गाड्या रस्त्याच्या उजव्या बाजूने चालतात, म्हणजे बसचं दार आणि पदपथ उजवीकडे. मार्ग वर दिला त्या दिशेने असेल तर कोलोसियमहून व्हिया दी सान ग्रेगोरिओने दक्षिणेला जाताना पॅलाटाइन टेकडीवरच्या राजवाड्यांचे अवशेष उजवीकडे येतात. पुढे सर्कस मॅक्सिमसच्या कडेने वळून उत्तरेला निघालं की मार्सेलसचं नाट्यगृह डावीकडे आणि कॅपिटोलिन टेकडी उजवीकडे. हे नाट्यगृह सुटतं बऱ्याच जणांचं. खाली रोमन कमानी आणि त्यांच्यावर चढवलेली नंतरच्या शतकांतली राहती घरं, असं ते अजब बांधकाम आहे. एकच बाजू निवडायची झाली तर उजवी निवडा. त्या बाजूला समोरून येणारी दुसरी बस आडवी येत नाही.

पुढची पहिली ओळ सगळ्यांना हवी असते, पण काही बसमध्ये तिच्यासमोर काच असते आणि फोटोत काचेतली झाक येते. तिसरी-चौथी ओळ उत्तम. मागच्या चाकांवरची जागा मात्र टाळा. रोमच्या रस्त्यांवर 'सानपिएत्रिनी' नावाचे काळ्या दगडाचे चौकोनी तुकडे बसवलेले आहेत. बस त्यांच्यावरून जाताना मागे इतकी थरथरते, की फोटो हलतो आणि कंबरही बोलू लागते.

कॅमेऱ्यात शटर सेकंदाच्या ५००व्या भागापेक्षा वेगवान ठेवा. फोनवर एकामागून एक फोटो घेण्याची सोय वापरा आणि नंतर निवडा. फोन हातातच धरायचा असेल तर मनगटाला दोरी हवी, गचक्याला निसटलेला फोन थेट रस्त्यावर जातो. सेंट पीटर्सचं दर्शनी तोंड पूर्वेला आहे, त्यामुळे तो फोटो सकाळचा. संध्याकाळी सूर्य घुमटामागे जातो आणि इमारत काळी पडते. कोलोसियमची पूर्ण उंचीची, सुमारे ४८ मीटरची बाहेरची भिंत उत्तरेच्या बाजूला शिल्लक आहे. ती बसमधून नव्हे, मेट्रो स्टेशनच्या वरच्या गच्चीवजा रस्त्यावरून घ्यावी.

फोटोसाठी उभं राहणं मात्र सक्त बंद. हा नियम वाहकाची कटकट समजू नका. तिबेर नदीच्या काठाने प्लेन वृक्षांच्या फांद्या रस्त्यावर झुकलेल्या आहेत, आणि बसलेल्या माणसाच्या डोक्यावरूनही काही वीतभर अंतराने जातात.

प्रश्न : आईचे गुडघे दुखतात, तिला वर चढता येईल का? ती साडीच नेसते. बाबांना चाकाची खुर्ची लागते. (एक वाचक, कोल्हापूर)

जिना अरुंद, उभा आणि मधेच वळणारा असतो. सात-आठ पायऱ्या म्हणून सोपा वाटतो, पण बस सुटल्यावर तोच अवघड होतो. आई चढू शकत असतील तर तेर्मिनीलाच चढवा, कारण तिथे बस काही मिनिटं उभी असते. एकजण पुढे, एकजण मागे. पदर कमरेला खोचून किंवा पिनेने पक्का करून चढावं. वर बसल्यावरही पदर, ओढणी, स्कार्फ मोकळा ठेवू नये. वारा पाठीमागून नव्हे, बाजूने उचलतो आणि कापड मागच्या सीटच्या दांड्यात अडकतं. उतरताना बस पूर्ण थांबल्याशिवाय उठायचं नाही. थांबा निघून जाईल या भीतीने लोक आधी उठतात, आणि पडण्याचे प्रसंग तेव्हाच येतात. खालच्या माणसाला 'वरून उतरत आहेत' एवढं सांगून ठेवा, चालक थांबतो.

खुर्चीसाठी बहुतेक बसमध्ये उताराची फळी (रॅम्प) आणि खालच्या मजल्यावर सहसा एकच जागा असते. ती आधीच भरलेली असेल तर पुढच्या बसची वाट पाहावी लागते, म्हणून गर्दीचे थांबे टाळून सकाळी पहिल्या-दुसऱ्या बसला निघा. खालच्या मजल्यावर वातानुकूलन असतं, पण काचांवर जाहिरातीचा चिकटपट असेल तर बाहेरचं दृश्य जाळीतून पाहिल्यासारखं दिसतं. चढण्याआधी बाहेरून काच बघून घ्या.

उतरण्यासाठी त्यांना दोन ठिकाणं सोयीची. एक सांता मारिया माज्जोरे : पाचव्या शतकातली कुट्टिमचित्रं (मोझेक) अजून शाबूत असलेली ही बॅसिलिका आहे. पोप फ्रान्सिस यांचं दफन एप्रिल २०२५मध्ये इथेच झालं, तेव्हापासून रांग वाढली आहे, म्हणून लवकर जा. दुसरं सेंट पीटर्स : आत जमीन सपाट आहे. घुमटावर चढण्याचा विचार दोघांसाठीही करू नका. एकूण ५५१ पायऱ्या आहेत, आणि लिफ्ट घेतली तरी ३२० उरतात. बॅसिलिकांमध्ये खांदे आणि गुडघे झाकलेले लागतात. साडीला अडचण नाही, पण बिनबाह्यांचा ब्लाउज असेल तर अंगावर शाल हवी. अडवतात ते सहसा नातवंडांच्या हाफपँटला.

प्रश्न : ध्वनिनिवेदन मराठीत किंवा हिंदीत आहे का?

मराठीत नाही. हिंदी क्वचितच. इंग्रजी सगळीकडे. सीटसमोरच्या डबीत वाहिनीचा क्रमांक निवडायचा आणि तारेचा इअरफोन खोचायचा. ब्लूटूथचा चालत नाही. फुकट मिळणारा इअरफोन कानात टिकत नाही, आपला साधा ३.५ मिलिमीटर पिनेचा न्या. निवेदन बसच्या ठिकाणावरून आपोआप सुरू होतं. रस्ता बंद असल्याने बस दुसरीकडून वळली की निवेदन गप्प होतं किंवा संगीत वाजत राहतं. डबी बिघडलेली नसते, सीट बदलू नका.

प्रश्न : रविवारी आणि बुधवारी रोम 'बंद' असतं असं ऐकलं. खरं का? (एक वाचक, बेळगाव)

बंद नसतं, वळवलेलं असतं. कोलोसियम ते पियात्सा वेनेझिया हा व्हिया देई फोरी इंपेरियाली रस्ता रविवारी आणि सुट्टीच्या दिवशी पूर्ण पादचाऱ्यांसाठी असतो. मुसोलिनीने प्राचीन फोरमांच्या अवशेषांवरून काढलेला आणि १९३२मध्ये खुला केलेला हा रस्ता आहे. रविवारी बस त्याच्या आसपास रेंगाळते. पण तुम्ही रविवारीच तिथे असाल तर कोलोसियमला उतरून वेनेझियापर्यंतचं ९०० मीटर अंतर चाला. दोन्ही बाजूंना फोरम, मधे गाडी नाही. बसच्या तिकिटात नसलेली ही सर्वांत चांगली गोष्ट.

बुधवारी सकाळी सेंट पीटर्सच्या चौकात पोपची सर्वसाधारण भेट असते, रविवारी दुपारी बाराला प्रार्थना. या वेळी व्हॅटिकनच्या थांब्याजवळ बस अडकते. बुधवारी ती बाजू दुपारनंतर करा. म्युझियम रविवारी बंद असतं, महिन्यातला शेवटचा रविवार सोडून. त्या दिवशी प्रवेश फुकट असतो आणि रांग तटबंदीला वेढा घालते. २ जूनला प्रजासत्ताक दिनाचं संचलन याच फोरी इंपेरियाली रस्त्यावर होतं, गुड फ्रायडेला रात्री कोलोसियमपाशी क्रूसमार्गाची प्रार्थना होते. या दोन दिवशी उघड्या बसचं तिकीट काढूच नका.

प्रश्न : ऑगस्टमध्ये जाणार आहोत. पाणी, ऊन, स्वच्छतागृह, खाणं?

ऑगस्टच्या दुपारी पारा ३५च्या वर जाणं नेहमीचं आहे, आणि वरच्या मजल्याला सावली नाही. धातूचा कठडा आणि प्लॅस्टिकची सीट चटका देतात. चालत्या बसमध्ये वारा लागतो म्हणून ऊन जाणवत नाही, आणि बस सिग्नलला उभी राहिली की एकदम भोवळ येते. त्यामुळे सकाळी साडेनऊच्या आत किंवा संध्याकाळी पाचनंतरच फेरी मारा. टोपी हनुवटीखाली दोरी असलेली हवी. नुसती टोपी पहिल्याच वळणावर जाते.

पाणी विकत घेऊ नका. रोममध्ये १८७४पासून बसवलेले सुमारे अडीच हजार सार्वजनिक नळ आहेत. वाकड्या नाकासारखी तोटी म्हणून त्यांना 'नासोनी' म्हणतात. पाणी पिण्याचं, थंड आणि अखंड वाहतं. तोटीचं तोंड बोटाने दाबलं की वरच्या छोट्या भोकातून कारंजं उडतं आणि भांड्याशिवाय पिता येतं.

बसमध्ये स्वच्छतागृह नसतं. थांब्याजवळच्या बारमध्ये (तिथे कॉफीच्या दुकानाला बार म्हणतात) उभ्याने एस्प्रेसो घ्या आणि तिथलं वापरा. टेबलाशी बसलात तर त्याच कॉफीचा दर दुप्पट-तिप्पट होऊ शकतो, ती फसवणूक नाही, तिथली रीत आहे. बसमध्ये खायला मनाई असते. थेपल्याचा डबा उघडून बसलात तर वाहक आधी हसतो आणि मग बंद करायला सांगतो. शाकाहारींनी थांब्याजवळ वजनावर मिळणारा कापलेला पिझ्झा घ्यावा. 'मारिनारा'मध्ये टोमॅटो, लसूण आणि तेल असतं, चीज नसतं. इटालियन जुन्या चीजमध्ये बहुधा प्राणिज विरजण असतं, त्यामुळे ते कडक पाळणाऱ्यांना मारिनाराच बरा.

प्रश्न : पाऊस आला तर?

काही बसमध्ये वरचा पुढचा भाग झाकलेला असतो, बाकी सगळे खाली धावतात आणि खाली तेवढ्या सीट नसतात. वर छत्री उघडू देत नाहीत. प्लॅस्टिकचा पातळ रेनकोट आणि सीट पुसायला जुना पंचा पिशवीत ठेवा. पावसासाठी पैसे परत मिळत नाहीत.

प्रश्न : हे सगळं साध्या शहरबसने होणार नाही का? (एक वाचक, सोलापूर)

बरंचसं होईल. साधं तिकीट १.५० युरोचं, १०० मिनिटं चालतं. बस-ट्राम कितीही, मेट्रो एकदाच. दहा वर्षांपर्यंतची मुलं प्रौढांबरोबर फुकट. तेर्मिनीहून ४० क्रमांकाची जलद बस कास्तेल सांतांजेलोकडे जाते. ६४ क्रमांकाची सेंट पीटर्सच्या बाजूला जाते, आणि ती गाभ्यातल्या मोठ्या रस्त्याने जात असल्याने उघड्या बसपेक्षा जास्त आतली आहे. पण ६४ ही खिसेकापूंसाठी वर्षानुवर्षं कुप्रसिद्ध आहे. पाठीवरची पिशवी पुढे घ्या. पाकीट मागच्या खिशात नको. दार बंद होताना कोणी विनाकारण अंगावर आलं तर हात थेट आपल्या खिशावर ठेवा.

चौघांच्या कुटुंबाला उघड्या बसचे शंभरेक युरो जातात. पाय धडधाकट असतील आणि नकाशा वाचता येत असेल तर ते कोलोसियमच्या तिकिटाला घाला. आई-वडील बरोबर असतील किंवा प्रवासाचा शीण असेल तर उघड्या बसचे पैसे वसूल होतात.

प्रश्न : क्रूझ चिविताव्हेक्यियाला एक दिवस थांबते. जहाजावर रोमच्या उघड्या बसचं तिकीट विकतात. (एक वाचक, मुंबई)

बंदर रोमपासून सुमारे ८० किलोमीटरवर आहे. लोक आगगाडीने तेर्मिनीपर्यंत जातात आणि मग उघड्या बसने व्हॅटिकनला परत पश्चिमेला येतात. जाण्यायेण्याचे दोन तास इथे फुकट जातात. त्याऐवजी रोमा सान पिएत्रो स्टेशनवर उतरा, साधारण पाऊण-एक तासात गाडी तिथे पोचते. बॅसिलिका तिथून दहा-बारा मिनिटांवर आहे. सकाळीच बॅसिलिका, मग सांतांजेलो पूल, नावोना, पँथिऑन, त्रेवी असे पायी, आणि बार्बेरिनीहून मेट्रो किंवा चालत तेर्मिनी. म्हणजे पहिल्या उत्तरातली वाट उलटी. कोलोसियम बाहेरून पाहायचं असेल तर तेर्मिनीहून मेट्रोची दोनच स्टेशनं.

कागदी तिकीट गाडीत चढण्याआधी फलाटावरच्या यंत्रात छापून घ्या, नाहीतर तिकीट असूनही दंड होतो. जहाजावर परतण्याच्या अंतिम वेळेच्या किमान तीन तास आधी रोम सोडा. एखादी गाडी रद्द झाली तरी पुढची मिळते. आणि स्टेशनपासून बंदराच्या आत जहाजापर्यंत जाण्याचा वेळ लोक हिशेबात धरत नाहीत, तो अर्धा तास तरी असतो.